न बोलण्याची किंमत

आज आम्ही हाती घेतलेला विषय काही वडीलधाऱ्या मंडळींना रुचणार नाही. विषय आहे स्त्रियांच्या अंतर्वस्त्रांचा. ती आपल्या बेटावर कोठून येतात, कशी येतात, आणि आपल्या घरातील बायका ती कशी विकत घेतात, याविषयी चार शब्द लिहावेत असे आम्हांस वाटते. हा काय वर्तमानपत्रात लिहिण्याचा विषय झाला, असे कोणी म्हणेल. पण तांदूळ, डाळ, तेल बाहेरून येते तेव्हा आपण त्याच्या भावाची आणि प्रतीची चर्चा चहाच्या टेबलावर करतो. मग जी वस्तू आपली आई, बहीण, मुलगी सकाळपासून रात्रीपर्यंत अंगावर वागवते, तिची चर्चा का नको?

कात्रबोर्नच्या कपड्यांच्या बाजारात गुरुवारी किंवा रविवारी एक फेरी मारा. पत्र्याच्या टेबलावर सुत्यें आणि किलोतांचा ढीग पडलेला असतो. बाई येते, इकडेतिकडे पाहते, ढिगातून दोन नग उचलते, आकडा वाचला न वाचला तोच पैसे देते आणि पिशवीच्या तळाशी भाजीखाली लपवते. घालून पाहायला जागा नाही. विकणारा बहुधा पुरुष. मागे शेजारी उभा आहे की दीर, याची धास्ती. साडी घेताना हीच बाई अर्धा तास पदर उलगडून पाहते, रंग जाईल का विचारते, दहा रुपयांसाठी घासाघीस करते. येथे मात्र अर्ध्या मिनिटात व्यवहार आटोपतो. असे गिऱ्हाईक मिळाल्यावर चांगला माल आणण्याची व्यापाऱ्याला गरज काय?

आता हा माल येतो कोठून ते पाहू. आमच्या आजीच्या काळी आतली चोळी आणि परकर घरीच शिवत. कापड गावच्या चिनी दुकानातून यार्डाने येई. पुढे १९७० साली निर्यात-कारखान्यांचा कायदा झाला आणि ‘झोन फ्रान्श’ हा शब्द आपल्या घराघरांत शिरला. या कल्पनेच्या मागे प्राध्यापक एदुआर लिम फाट यांचा पुढाकार होता. १९७५ च्या लोमे करारामुळे आपला माल युरोपात जकातीविना जाऊ लागला. त्याच सुमारास, १९७४ पासून, श्रीमंत देशांनी कपड्यांच्या आयातीवर देशवार कोटे बसवले होते. हाँगकाँगच्या गिरणीवाल्यांचा कोटा संपला की ते दुसरी जागा शोधत, आणि त्यांतले काही आपल्याकडे आले. १९९० च्या सुमारास सुमारे ९० हजार माणसे या कारखान्यांत कामाला होती, आणि त्यांत बायका अधिक होत्या. वाक्वा, कास्कावेल, कात्रबोर्न येथल्या किती मराठी मुली पहाटे लिझिनच्या बसमध्ये चढल्या, ते आपणांस सांगायला नको. त्या पगारावर धाकट्या भावांच्या फिया भरल्या गेल्या, घरांवर काँक्रीटचे छप्पर पडले.

त्या कारखान्यांत मुख्यतः पुलोव्हर, टी-शर्ट, शर्ट आणि पँटी शिवल्या जात. ज्या मालात एखादा टाका चुके तो परत पाठवला जाई आणि स्वस्तात बाजारात येई. टी-शर्टचे विणलेले सुती कापड आणि आतल्या कपड्याचे कापड ही सख्खी भावंडे. त्यामुळे त्या काळात पुष्कळ घरांतील बायका उरल्यासुरल्या सुती तुकड्यांतून घरच्या घरी किलोत आणि लहान मुलांच्या गंज्या शिवून घेत. हात तयार होता, कापड दारात होते.

मग १ जानेवारी २००५ ला ते कोटे जगभर उठले. चीनचा माल एकदम मोकळा झाला. त्याच वर्षी युरोपात जे घडले ते लक्षात ठेवण्याजोगे आहे. चिनी कपड्यांचा लोंढा पाहून युरोपीय संघाने १० जून २००५ ला शांघायमध्ये चीनशी करार केला आणि दहा प्रकारच्या मालावर पुन्हा मर्यादा घातल्या. त्यांत ब्रेसियर हाही एक प्रकार होता. उन्हाळा संपण्याआधीच मर्यादा भरल्या, आणि कोट्यवधी नग युरोपच्या बंदरांत अडकून पडले. दुकानदार ओरडू लागले, मागणी तर होतीच. शेवटी सप्टेंबरमध्ये बीजिंगला तडजोड झाली आणि माल सुटला. इंग्रजी वर्तमानपत्रांनी या भांडणाला ‘ब्रा-युद्ध’ असे नाव देऊन हसून घेतले. आम्हांस त्यात हसण्यासारखे फार दिसले नाही. ज्या वस्तूवरून दोन महासत्तांचे मंत्री रात्री जागतात, ती वस्तू क्षुल्लक नाही. आणि त्याच काळात आपल्या बेटावरचे कारखाने एकेक करून बंद पडत होते. आज या क्षेत्रातील कामगारांचा आकडा त्या वैभवाच्या काळाच्या मानाने पुष्कळ घटला आहे, आणि त्यांत बांगलादेशातून आलेल्या कामगारांचा वाटा मोठा आहे.

आता बाजारातला आतला माल मुख्यतः चीन आणि भारत येथून येतो. चीनमध्ये शांतौ शहराजवळ गुराव नावाचे गाव आहे. तेथे जवळजवळ सारे गाव अंतर्वस्त्रेच शिवते. भारतात तमिळनाडूतील तिरुप्पूर हे विणलेल्या सुती कपड्यांचे शहर. १ जानेवारी २०२१ पासून चीनशी आणि १ एप्रिल २०२१ पासून भारताशी आपला व्यापार करार अमलात आला आहे. त्यात भर म्हणजे मोबाईलवरून मागवलेली लहान पाकिटे टपालाने थेट घरी येतात. तरुण मुलींना ही सोय आवडते, कारण तेथे लाजावे लागत नाही. ते आम्ही समजू शकतो. पण पाकीट उघडल्यावर माप चुकले तर परत पाठवण्याचा खटाटोप कितीजणी करतात?

किती माल येतो हे लादवानच्या आकड्यांतून पाहू म्हटले तर तेथेही गंमत आहे. जगभरच्या जकात-यादीत ब्रेसियरला ६२१२ क्रमांकात स्थान आहे. त्याच क्रमांकात कमरेचे पट्टे आणि पुरुषांच्या पँटीचे गॅलिसही आहेत. विणलेल्या किलोत ६१०८ मध्ये येतात, पण त्यांच्याबरोबर गाऊन आणि पायजमेही. पुरुषांची गंजी तर ६१०९ मध्ये टी-शर्टच्या रांगेत बसते. तेव्हा एका क्रमांकाची रक्कम वाढली म्हणजे आतले कपडेच जास्त आले, असा निष्कर्ष कोणी घाईने काढू नये. शिवाय हा व्यवहार बहुतेक डॉलरमध्ये होतो. २०१९ मध्ये डॉलरला ३६ रुपयांच्या आसपास पडत. पुढील चार-पाच वर्षांत तो दर ४५ च्या आसपास गेला. तोच माल, तेवढेच नग, तरी बिल फुगते. हे ओझे गिऱ्हाइकाच्या पिशवीवर कसे येते? कधी भाव वाढतो, आणि कधी भाव तोच राहून कापड पातळ होते. दुसरी गोष्ट डोळ्यांना दिसत नाही; ती दोन महिन्यांनी धुण्याच्या दगडावर कळते.

कोणी म्हणेल, मग आयात बंद करा, सारे येथेच शिवा. आम्ही असे म्हणणार नाही. ब्रेसियर ही साधी वस्तू नव्हे. कप, पट्टे, तार, हुकांची पट्टी, कड्या, तीन-चार प्रकारचे इलॅस्टिक असे वीसहून अधिक भाग जोडून ती बनते. घेराची पाच मापे आणि कपाची पाच धरली तर पंचवीस मापे होतात. तीन रंग घेतले की पंचाहत्तर प्रकार. बारा लाखांच्या आसपास वस्तीच्या बेटावर एका कारखान्याने एवढे प्रकार काढून ते विकायचे म्हटले तर तो वर्षाच्या आत बुडेल. आपल्याच महासागरातील श्रीलंकेने हे काम मोठ्या प्रमाणावर केले, पण ते परदेशच्या बाजारासाठी, आणि हूक-इलॅस्टिक बनवणारे कारखानेही शेजारी उभे करून. तेव्हा ब्रेसियर बाहेरून येणारच. स्वस्त माल आल्यामुळे गरीब घरातील मुलीलाही दोनाऐवजी चार जोड मिळाले, हा लाभही आम्ही नाकारत नाही.

आमची तक्रार आयातीविषयी नाही, डोळे मिटून केलेल्या खरेदीविषयी आहे. मापाचेच घ्या. आपल्या बाजारात तीन देशांची मापे एकत्र नांदतात. जी बाई इंग्रजी आणि भारतीय मापाने ३४, तीच चिनी आणि बहुतेक युरोपीय मापाने ७५, आणि फ्रेंच मापाने ९०. ढिगात तिन्ही आकडे असतात आणि कोणता कुठला हे सांगणारे कोणी नसते. वास्तविक हिशेब सोपा आहे. सेंटिमीटरच्या फितीने छातीखालचा घेर मोजावा; तो ७५ भरला तर युरोपीय माप ७५. मग छातीचा घेर मोजावा. तो ९० भरला तर फरक १५, म्हणजे कप बी. युरोपीय आकड्यात १५ मिळवले की फ्रेंच माप. एवढे गणित सातवीतली मुलगी करील. पण तिला ते कोणी सांगत नाही, आणि तिच्या आईलाही कोणी सांगितले नव्हते. खांद्यावर पट्ट्यांचे वळ आणि बगलेत घामोळे घेऊन आपल्या कितीतरी बायका आयुष्य काढतात आणि ते नशिबाचे समजतात. आपल्या दमट हवेत सुती कापड बरे, हेही सर्वांना ठाऊक आहे; पण सुताचे प्रमाण किती, हे लेबलावर पाहून घेणारी विरळा.

आमच्या नात्यातील एका मावशीची हकीकत सांगतो. सतरा वर्षांची असताना १९८३ साली ती लिझिनमध्ये लागली. बावीस वर्षे ओव्हरलॉक मशीनवर बसली. कारखाना बंद पडला तेव्हा हातात थोडी रक्कम आणि पाठीत दुखणे घेऊन घरी आली. काही वर्षांनी तिच्या छातीत गाठ निघाली आणि एका बाजूची शस्त्रक्रिया झाली. जखम भरल्यावर ती आतून कप्पा असलेली ब्रेसियर शोधायला निघाली. दोन बाजार पालथे घातले. काय हवे ते मोठ्याने बोलता येईना, म्हणून खुणेने सांगे, विकणाऱ्याला कळेना. शेवटी एका दुकानातील मुलीने सांगितले, की असा माल मागवावा लागेल, आणि जो भाव सांगितला तो ऐकून मावशी बाहेर पडली.

घरी येऊन तिने जुनी ब्रेसियर उसवली, मुलाच्या सुती टी-शर्टचा तुकडा कापून आत कप्पा शिवला, आणि मोहरी भरलेली लहान पिशवी त्यात बसवली. वजन सारखे हवे, नाहीतर एक खांदा वर चढतो, हे तिने स्वतः आरशात पाहून ठरवले. पुढे इस्पितळात ओळख झालेल्या दोघी-तिघींना तिने तसेच शिवून दिले. इलॅस्टिकचे पैसे तेवढे घेतले. ती आम्हांस म्हणाली, ‘‘अरे, बावीस वर्षं मी परक्या देशातल्या बायकांसाठी शिवलं. माझ्यासारखीला काय हवं, हे मला कोणी विचारलंच नाही.’’

हे वाक्य ऐकल्यापासून आम्हांस हा लेख लिहावासा वाटत होता. ब्रेसियर बाहेरून येणार हे मान्य. पण सुती किलोत, परकर, बाळंतिणीचे कपडे, आणि शस्त्रक्रिया झालेल्या बायकांसाठी लागणारे हे कप्प्याचे कपडे येथे शिवता येणार नाहीत काय? त्यांना प्रचंड कारखाना लागत नाही. मशीन आणि जाणता हात लागतो, आणि असे हात आपल्या गावागावांत रिकामे बसले आहेत. आणखी दहा-पंधरा वर्षांनी ते थकतील. मग शिकवायला कोणी उरणार नाही.

म्हणून आमच्या सूचना थोडक्यात अशा. आयात करणाऱ्याने लेबलावर सुताचे प्रमाण आणि माप आपल्या लोकांना वाचता येईल अशा लिपीत द्यावे, आणि सरकारने ते पाहावे. दुकानदाराने एक पडदा लावावा आणि तेथे एखादी बाई ठेवावी. आईने मुलीला फीत देऊन मापायला शिकवावे. गावोगावच्या आपल्या मराठी मंडळींनी गणपतीच्या आरासेसाठी जशा सभा घेतात, तशी एक दुपार केवळ बायकांसाठी ठेवावी. लिझिनमध्ये काम केलेल्या मावश्यांनी तेथे शिकवावे आणि बाकीच्यांनी त्यांच्या कष्टाचे मोल द्यावे, फुकट शिवून घेऊ नये.

आणि पुरुष वाचकांना एक विनंती. हा लेख वाचून पान उलटण्यापूर्वी तो घरातील बायकांच्या हाती द्या. बाजारात त्या त्या टेबलापाशी थांबल्या, तर घड्याळ न पाहता चार पावले दूर उभे राहा. त्यांना विचारू द्या, पाहू द्या, नको असेल तर परत ठेवू द्या.