आजारपणाची शिक्षा निवृत्तीनंतर का?

केंद्र सरकारच्या कार्यालयात झाडू मारणारा आमचा बांधव क्षयाने आजारी पडतो, बिनपगारी रजा घेतो. निवृत्तीच्या वेळी बाबू म्हणतो, ‘ही रजा सेवेत धरता येत नाही.’ हे साफ खोटे आहे! वैद्यकीय प्रमाणपत्रावर मंजूर झालेली असाधारण रजाही अर्हताकारी सेवा ठरते. १९७२ च्या पेन्शन नियमांत ही तरतूद होती, २०२१ च्या नियमांतही आहे. पेन्शनची पात्रता आणि उपदान याच सेवेवर ठरते. पेन्शन ही सरकारची मेहेरबानी नव्हे, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८२ मध्ये नकारा खटल्यात बजावले आहे. बांधवांनो, कायदा आपल्या बाजूने आहे, पण कागद हवा. प्रमाणपत्र दिल्याची पोच घ्या, सेवापुस्तकातील नोंद आजच तपासा. आम्ही भीक मागत नाही, हक्क मागतो!