छायाचित्रातील शेतकरी आणि त्याची बोली

३० सप्टेंबर १९९३ च्या भूकंपानंतर तत्कालीन उस्मानाबाद, आजच्या धाराशिव जिल्ह्यातील सास्तूर परिसराचे ढिगारे जगाने छायाचित्रांतून पाहिले. त्या घरांतील पेरणी ते रास हा जगण्याचा क्रम मात्र अदृश्यच राहिला. आपत्तीचे चित्रण म्हणजे ग्रामजीवनाचे दस्तऐवजीकरण नव्हे. पी. साईनाथ यांनी २०१४ साली सुरू केलेल्या ‘पीपल्स आर्काइव्ह ऑफ रुरल इंडिया’त छायाचित्राला निवेदनाची जोड आहे; हेमा राईरकर व गी पॉइत्वाँ यांच्या संकलनातील जात्यावरच्या ओव्याही तेथे गायिकांच्या नावांसह ऐकावयास मिळतात. नाव आणि बोली वगळल्यास शेतकरी केवळ दृश्य उरतो, निवेदक होत नाही. म्हणूनच अशी सामग्री समाजशास्त्रावर न सोपविता मराठी विभागांनी ती संहिता म्हणून अभ्यासणे अगत्याचे आहे.