मधली बावीस

आमच्या भाच्यासमोर 'जपानी कार्टून' म्हणायची सोय नाही. 'ॲनिमे' म्हणायचं. तेही मी म्हणतो. पण त्या ॲनिमेची तो कॉम्प्युटरवर जी सेवा करतो, ती मात्र मला मुळीच मान्य नाही.

परवा त्याने तलवारबाजीचा एक प्रसंग दाखवला. चौपट संथ केलेला. "बघा मामा, कसं स्मूद झालंय! लोण्यासारखं!" पाहिलं. नायक म्यानातून तलवार काढतोय की पाकातून जिलबी, ते कळेना. वाटेत तलवारीला बाक आला आणि हाताला सहावं बोट फुटलं.

आता हिशेब ऐका. पडद्यावर सेकंदाला 24 चौकटी सरकतात. 1963 साली ओसामू तेझुकांची 'टेट्सुवान ॲटम' ही मालिका सुरू झाली. दर आठवड्याला इतकी चित्रं काढणार कोण? म्हणून एकेक चित्र तीन-तीन चौकटी टिकवायचं. सेकंदाला चित्रं 8! काटकसरीची ही रीत पुढे कलाच झाली. तेच चौपट संथ केलं, की सेकंदाला खरी चित्रं उरतात 2. बाकीची 22 सॉफ्टवेअर अंदाजाने भरतं. त्याआधी एकसारख्या चौकटी वेचून फेकाव्या लागतात, नाहीतर चित्र आमच्या नळासारखं थांबत-उसळत येतं. म्हणजे चित्रकाराने मुद्दाम ठेवलेला ठहराव काढायचा, आणि तिथे कुणीच न काढलेली चित्रं बसवायची. आणि याला म्हणायचं सुधारणा!

खऱ्या माणसांच्या सिनेमात संथ गती जरूर असावी. तिथे कॅमेरा जोरात पळवला की मधले क्षण खरोखर टिपले जातात. इथे मधले क्षण घडलेलेच नाहीत हो! 'आशिता नो जो'चे (1970) दिग्दर्शक ओसामू देझाकी ऐन मोक्याला चित्र सरळ थांबवत. एकच रंगवलेलं चित्र. पुढचं बघणाऱ्याने मनात काढायचं.

"पण मामा, लोकांना आवडतं!"

आवडत असेल. माझ्याकडे आईच्या आवाजाची एक कॅसेट आहे. बोलता बोलता ती थांबते, मागे घड्याळाची टिकटिक ऐकू येते. तिला जे म्हणायचं होतं, ते बहुतेक त्या टिकटिकीतच आहे. हे मी भाच्याला सांगितलं. तो गप्प झाला. मला वाटलं, पटलं.

"मामा," तो म्हणाला, "ती कॅसेट द्या ना. मधल्या रिकाम्या जागा काढून एकदम स्मूद करून देतो."

तेव्हापासून कपाटाची किल्ली माझ्या जानव्याला आहे.