सीट कुणाची, रोलर कुणाचा?

दोस्तहो, चर्चगेट स्टेशनातून बाहेर पडा. एका अंगाला गेलात तर ब्रेबॉर्न स्टेडियम. दुसऱ्या अंगाला, रेल्वेच्या रुळाला चिकटून, वानखेडे. दोघांच्या मध्ये पायी पंधरा मिनिटंसुद्धा लागत नाहीत. मुंबईत माणसाला पाय पसरायला जागा नाही, आणि इथं शेजारी शेजारी दोन स्टेडियम. का? लहानपणी बापाला विचारलं तर तो म्हणाला, मोठ्या लोकांचं भांडण झालं असेल. बाप गोदीत होता, मॅच त्यानं आयुष्यात कधी आत जाऊन बघितली नाही. पण त्याचं उत्तर शंभर टक्के बरोबर निघालं.

मीही गोदीतच आहे, पण कंत्राटावर. बोट लागली तर पाळी, नाही लागली तर घरी. असंच एकदा काम नव्हतं तेव्हा एका ठेकेदारानं आम्हां तीस-चाळीस पोरांना एका स्टेडियमवर खुर्च्या पुसायला नेलं. कुठलं स्टेडियम ते लिहीत नाही. पहाटेपासून फडकं आणि बादली. कावळ्यांची शिट, धूळ, पान खाऊन मारलेल्या पिचकाऱ्या. दुपारी पाठ भरून आली म्हणून मी एका खुर्चीवर टेकलो. समोर हिरवंगार मैदान. आयला, काय दिसत होतं राव! दोन मिनिटं झाली नसतील, सुपरवायझर वरून ओरडला, ‘ए, ऊठ. ती सीट विकलेली आहे.’

उठलो. मॅच सुरू व्हायच्या आधी आम्हाला फाटकाच्या बाहेर काढलं. आतला गलका ऐकत मी स्टेशनावर आलो. डोक्यात एकच वाक्य भणभणत होतं. ती सीट विकलेली आहे. कधी विकली? कुणी विकली? कुणाची जागा होती म्हणून विकली? मग जुनं वाचायला लागलो. जे हाती आलं ते तुमच्यापुढं टाकतो.

सुरुवात रोलरपासून करू. बाळू पालवणकर. जन्म १८७६ चा, धारवाडचा. जातीनं चांभार. बाप लष्करात नोकरीला, म्हणून पोरं पुण्यात वाढली. पुण्याच्या पारशी क्लबात बाळूला काम मिळालं: खेळपट्टी झाडायची, रोलर फिरवायचा. पगार महिना तीन रुपये. मग गोऱ्यांच्या क्लबात चार रुपये. तिथं साहेब लोकांना सरावासाठी त्यानं तासन् तास चेंडू टाकले. डावखुरा, संथ, पण चेंडू असा वळायचा की साहेबाची दांडी गुल. त्याला बॅट मात्र कुणी हातात दिली नाही. बॅट धरणं हे राजाचं काम, चेंडू टाकणं हे राबणाऱ्याचं.

पुण्याच्या हिंदूंना गोऱ्यांना हरवायचं होतं. त्यासाठी बाळू पाहिजे होता. मग धर्मसंकट! घेतला त्याला संघात. मैदानावर त्यानं टाकलेला चेंडू बामणाच्या पोरानं झेलला तरी चालायचं. पण चहाच्या वेळी बाळू पॅव्हेलियनच्या बाहेर, मातीच्या भांड्यात चहा. चेंडूला विटाळ नव्हता, कपाला होता.

पुढं मुंबई. १९०६ साली हिंदूंनी गोऱ्यांना हरवलं, त्यात बाळूचा हात. १९११ साली हिंदुस्थानचा संघ विलायतेला गेला, तिथं बाळूनं ११४ गडी बाद केले. एवढं करून हिंदू संघाची कप्तानी? नाही. १९२० साली भावांनी संघातून अंग काढून घेतलं, तेव्हा कुठं मालक लोक नरमले आणि बाळूला उपकप्तान केलं. तिथंच थांबवलं. १९२३ साली धाकटा भाऊ विठ्ठल कप्तान झाला आणि संघ जिंकला. रोलर फिरवणाऱ्याला कप्तानाच्या उंबरठ्यापर्यंत यायला तीस वर्षं लागली, आणि उंबरठा ओलांडला तो त्याच्या भावानं.

आता स्टेडियमकडे येऊ. तोवर मुंबईत क्रिकेट मैदानावर चालायचं. हिंदुस्थानातली पहिली कसोटी १९३३ च्या डिसेंबरात बॉम्बे जिमखान्यावर झाली. जिमखान्याचं सभासदत्व गोऱ्यांना. म्हणजे देशाचा संघ देशातली पहिली कसोटी अशा जागी खेळला, जिथं देशी माणसाला सभासद होता येत नव्हतं. याची लाज वाटली की काय, त्याच साली क्रिकेट क्लब ऑफ इंडिया काढला गेला. आपलं स्वतःचं स्टेडियम हवं म्हणून समुद्र बुजवून काढलेल्या बॅकबेच्या जमिनीत नव्वद हजार चौरस वार जागा घेतली. दर साडेतेरा रुपये वार. बाळूचा महिना चार रुपये होता. मध्ये चाळीस वर्षं गेली, हिशेब सरळ लागत नाही, कबूल. तरी मनात लावून बघा: एक वार जमीन म्हणजे रोलर फिरवायचे तीन महिने आणि वर काही दिवस.

गव्हर्नर ब्रेबॉर्न यांनी १९३६ साली पायाभरणी केली, स्टेडियमला नाव त्यांचंच. ७ डिसेंबर १९३७ ला उद्घाटन. समुद्रात भराव कुणी टाकला, सिमेंटची घमेली कुणी वाहिली, त्यांची नावं कुठल्या पाटीवर असतील तर मला दाखवा.

आणि उद्घाटनाच्या सालातच काय झालं बघा. तेव्हा इथं धर्मावर संघ होते: युरोपियन, पारशी, हिंदू, मुसलमान. १९३७ साली ‘बाकीचे’ म्हणून पाचवा संघ घातला. नवीन स्टेडियम, नवीन थाट. पण त्या वर्षी हिंदू संघ खेळलाच नाही. कशावरून? जातीवरून? अस्पृश्यतेवरून? छे. स्टेडियममधल्या जागा कुणाला किती, या भांडणावरून. बाळूच्या मातीच्या भांड्यावरून कुणी एक सामना सोडला नव्हता. सीट कमी मिळाल्या तर अख्खी स्पर्धा सोडली.

त्याच १९३७ सालात मुंबईच्या निवडणुकीत बाळू पालवणकर उभे होते. काँग्रेसनं त्यांना उभं केलं होतं बाबासाहेबांच्या विरोधात. बाबासाहेबांना १३,२४५ मतं, बाळूंना ११,२२५. काही दोस्त मला म्हणतील, मग त्या माणसाचं एवढं गुणगान कशाला? तर माझं उत्तर ऐका. बाळूंचं राजकारण चुकलं असं मीही म्हणतो. पण ज्यांनी त्यांना पॅव्हेलियनमध्ये कप दिला नाही, त्यांनीच त्यांना बाबासाहेबांच्या समोर उभं केलं. गोऱ्यांना हरवायला बाळू, बाबासाहेबांना हरवायलाही बाळू. वापरायची पद्धत एकच. हे ओळखायचं असेल तर बाळूला विसरून चालणार नाही. आपला माणूस चुकला म्हणून त्याचा घाम दुसऱ्याच्या खात्यावर जमा करायचा का?

पुढचं भांडण वानखेडेचं. स्वातंत्र्य आलं, ब्रेबॉर्नवर कसोट्या व्हायला लागल्या. मालक क्रिकेट क्लब, सामने भरवणार बॉम्बे क्रिकेट असोसिएशन. पुन्हा तेच: आम्हाला सीट किती? १९७३ पर्यंत भांडण टोकाला गेलं. असोसिएशनचे अध्यक्ष शेषराव वानखेडे, तेच तेव्हा विधानसभेचेही अध्यक्ष. सरकारी जमीन मिळाली आणि तेरा-एक महिन्यांत नवीन स्टेडियम उभं राहिलं. जानेवारी १९७५ ला पहिली कसोटी, समोर वेस्ट इंडीज.

साल ध्यानात घ्या. १९७२-७३ म्हणजे महाराष्ट्रातला भयाण दुष्काळ. लाखो बायाबापड्या दुष्काळी कामावर खडी फोडत होत्या, सुकडी खाऊन दिवस काढत होत्या. गावकुसाबाहेरच्या वस्तीला पाण्यासाठी विहिरीवर चढू देत नव्हते. तिथं एक विहीर खोदायला वर्षं लागतात, इथं सीटच्या भांडणासाठी तेरा महिन्यांत स्टेडियम. म्हणजे सरकारला घाई करता येते तर! कुणासाठी, एवढाच प्रश्न.

त्या पहिल्याच कसोटीत क्लाइव्ह लॉइडनं द्विशतक मारलं. एक पोरगा आनंदानं कुंपण ओलांडून त्याचं अभिनंदन करायला मैदानात धावला. पोलिसांनी त्याला बडवला. प्रेक्षक भडकले, मोडतोड झाली, जाळपोळ झाली, खेळ थांबला. नव्या स्टेडियमचं खरं उद्घाटन मी याला म्हणतो. काळ्या खेळाडूला मिठी मारायला गेलेलं पोर आणि त्याच्या पाठीवर काठी.

आता उपयोग बघू. स्टेडियम म्हणजे फक्त क्रिकेट नाही, बरंच काही होतं तिथं. २००३ साली ब्रेबॉर्नवर रोलिंग स्टोन्सवाले येऊन गाऊन गेले. ३१ ऑक्टोबर २०१४ ला राज्याच्या मंत्रिमंडळानं वानखेडेवर शपथ घेतली. गाणं चालतं, शपथ चालते, आयपीएल चालतं. मग महापालिकेच्या शाळेतल्या पोरांचा सामना का चालत नाही? बीडीडी चाळीतली, धारावीतली पोरं वर्षातून दहा दिवस त्या गवतावर का पळू शकत नाहीत? गवत मरतं म्हणे. हजारो माणसं गाण्यावर नाचली तरी गवत मरत नाही, आमच्या पोरांच्या अनवाणी पायांनी मरतं.

२ एप्रिल २०११. वर्ल्ड कपची फायनल. वानखेडे नवीन करून जागा ३३ हजारांच्या आसपास ठेवलेल्या. त्यातली साध्या जनतेसाठी विक्रीला तिकिटं होती चार हजार, असं तेव्हाच्या पेपरांनी छापलं. बाकी सगळ्या क्लब, संघटना, पाहुणे, वजनदार लोक. देश जिंकला, देश रस्त्यावर नाचला. आत मात्र देश आठातला एकसुद्धा नव्हता.

पैशाचं पण बघा. सामन्याला पोलीस बंदोबस्त लागतो, त्याचे पैसे आयोजकांनी भरायचे. २०२३ साली सरकारनं हे दर उतरवले, आणि उतरवलेले दर मागं २०११ पासून लागू केले. मागच्या तारखेपासून सवलत! आमच्या झोपडीची तारीख एक दिवस पुढं सरकली तर बुलडोझर येतो. कंत्राटी कामगाराचा मागचा पगार मागायला गेलं तर साहेब म्हणतो, मागचं उकरू नका. उकरायचं कुणाचं आणि माफ करायचं कुणाचं, हे ठरलेलं आहे.

मे २०२५ मध्ये वानखेडेवर नवीन पाट्या लागल्या. शरद पवार, अजित वाडेकर, रोहित शर्मा. गावसकर, मर्चंट, तेंडुलकर आधीच आहेत. वाडेकर, रोहित यांच्या खेळाबद्दल माझं काही म्हणणं नाही, मीही टाळ्या वाजवल्यात, टपरीवरच्या टीव्हीसमोर उभं राहून. पण त्या स्टँडच्या नावांत बाळू पालवणकर नाही. ज्यानं या देशात पहिल्यांदा गोऱ्यांच्या दांड्या उडवल्या त्यातला एक, त्याच्या नावानं तिथं एक स्टँडही नाही.

मैदान आणि स्टेडियम यांत फरक काय? स्टेडियमला फाटक असतं. फाटक आलं की तिकीट आलं, तिकीट आलं की आत कोण आणि बाहेर कोण हे आलं. गावात हेच काम वेस करायची. ७ डिसेंबर १९३७ ला ब्रेबॉर्नचं फाटक उघडलं. बरोबर १९ वर्षांनी, ७ डिसेंबर १९५६ ला, बाबासाहेबांच्या अंत्ययात्रेला लाखो माणसं दादरच्या चौपाटीवर आली. तिथं ना फाटक, ना तिकीट, ना सीट. वाळूवर उभी होती माणसं. या शहरानं बघितलेल्या सगळ्यात मोठ्या गर्दींपैकी ती एक, आणि तिच्यासाठी एक वीटसुद्धा रचावी लागली नव्हती. उघडी जागा म्हणजे काय, हे आपल्याला कुणी शिकवायला नको.

म्हणून माझं मागणं पुतळ्याचं नाही. पुतळ्यावरसुद्धा कावळे बसतात आणि तो पुसायला परत आपल्यालाच बोलावतात. सरळ तीन गोष्टी. एक, सरकारी जमिनीवरचं स्टेडियम वर्षातले ठरलेले दिवस महापालिकेच्या शाळांना आणि वस्त्यांना फुकट उघडलं पाहिजे, आणि कुठले दिवस ते फाटकावर मराठीत लिहिलं पाहिजे. दोन, बाळू पालवणकरांच्या नावाचा स्टँड पाहिजे, आणि त्या स्टँडचं तिकीट एका वडापावाच्या किमतीत पाहिजे. नाव आपलं आणि सीट त्यांची, असला सौदा नको. तीन, जे खुर्च्या पुसतात, गवत कापतात, रोलर फिरवतात, त्यांना ठेकेदाराच्या हातून नव्हे, थेट पगार पाहिजे आणि मॅचच्या दिवशी आत उभं राहायचा हक्क पाहिजे.

फार मोठं मागतोय का मी? क्रांती नाही मागत, खुर्ची मागतोय. पण बघा, एवढ्यावरच किती जणांचं तोंड कडू होईल.

रविवारी सकाळी चला. मी, तुम्ही, वस्तीतली पोरं, एक रबरी चेंडू आणि फळीची बॅट. फाटकापाशी फुटपाथवरच स्टंप मांडू. हटकतील, तेव्हा सांगू: सीट तुम्ही विकली असेल. जमीन विकायला आम्ही सही केलेली नाही.