क्लिनिकमध्ये इन्शुरन्स चालतो का? पुण्यातल्या ज्येष्ठांना मिळणाऱ्या ‘हो’चा नेमका अर्थ काय

केंद्र सरकारनं २९ ऑक्टोबर २०२४ रोजी ‘आयुष्मान वय वंदना’ कार्ड सुरू केलं. ७० वर्षं आणि त्यापुढच्या प्रत्येकाला, उत्पन्न कितीही असलं तरी, वर्षाला ५ लाख रुपयांपर्यंतचे उपचार मोफत, अशी ही योजना. तेव्हापासून सोसायटीच्या आणि नातेवाइकांच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर ‘आता आई-बाबांचा दवाखाना फुकट’ अशा अर्थाचे मेसेज फिरत असतात.

मग एक दिवस आजोबा बीपी दाखवायला, शुगरच्या गोळ्या बदलून घ्यायला नेहमीच्या क्लिनिकमध्ये जातात. कार्ड पुढे करतात. काउंटरवरची मुलगी म्हणते, “काका, हे इथे नाही चालत.” घरी आल्यावर चर्चा सुरू होते. कोण म्हणतं क्लिनिकवाले लुबाडतात, कोण म्हणतं सरकारची घोषणाच पोकळ.

दोन्ही आरोप चुकीच्या जागी केलेले आहेत. कार्ड खरं आहे आणि क्लिनिकवालेही खरं बोलतायत. गोंधळ आहे तो ‘इन्शुरन्स चालतो का?’ या प्रश्नातच.

क्लिनिक आणि हॉस्पिटल: विम्याच्या कागदावरचा फरक

आपण बोलताना दवाखाना, क्लिनिक, हॉस्पिटल हे शब्द सर्रास एकमेकांच्या जागी वापरतो. विमा कंपनी तसं करत नाही. पॉलिसीत ‘हॉस्पिटल’ची व्याख्या दिलेली असते. कायद्यानुसार रुग्णालय म्हणून नोंदणी असावी लागते. नसेल तर चोवीस तास नर्स आणि डॉक्टर, सुसज्ज ऑपरेशन थिएटर, रोजच्या नोंदी आणि किमान खाटा या अटी पूर्ण कराव्या लागतात. दहा लाखांहून कमी लोकवस्तीच्या गावात १० खाटा, इतरत्र १५. पुण्याला अर्थातच १५ चा नियम लागतो.

कर्वे रोडवरच्या इमारतीत दुसऱ्या मजल्यावर दोन खोल्यांत चालणारं क्लिनिक या व्याख्येत बसत नाही. तिथले डॉक्टर कितीही अनुभवी असोत, मोठ्या हॉस्पिटलमधून निवृत्त झालेले असोत, फरक पडत नाही. तिथे जे होतं त्याला विम्याच्या भाषेत ओपीडी म्हणतात: रुग्ण आला, तपासून घेतलं, औषध लिहून घेतलं आणि घरी गेला. आपल्याकडच्या बहुतेक मूळ पॉलिसी भरती होण्यासाठी आहेत, म्हणजे साधारण २४ तास अॅडमिट होणं किंवा मोतीबिंदू, डायलिसिस, केमोथेरपी यांसारखे एका दिवसात आटोपणारे डे-केअर उपचार. ओपीडीचा खर्च त्यात नसतो, वेगळं कव्हर घेतलं असेल तरच असतो.

वय वंदना कार्डाचंही तसंच. ते आयुष्मान भारत योजनेचाच भाग आहे आणि ही योजना २०१८ पासून भरती होऊन घेतलेल्या उपचारांसाठी आहे. भरतीच्या आधीचे ३ दिवस आणि डिस्चार्जनंतरचे १५ दिवस यांतल्या तपासण्या आणि औषधं त्यात धरली जातात. दर महिन्याची बीपीची गोळी त्यात बसत नाही.

म्हातारपणातला नेहमीचा खर्च मात्र याच बाजूला असतो. समजा, कोथरूडमधल्या एका ७२ वर्षांच्या आजींना मधुमेह, बीपी आणि गुडघेदुखी आहे. दीड-दोन महिन्यांतून एकदा डॉक्टर, तीन महिन्यांनी रक्ततपासणी, रोजच्या पाच-सहा गोळ्या, अधूनमधून फिजिओथेरपी. वर्षाचा हिशेब सहज तीस-चाळीस हजारांवर जाऊ शकतो. वर्षभरात त्या एकदाही अॅडमिट झाल्या नाहीत तर यातला एक रुपयाही साध्या मेडिक्लेममधून परत येणार नाही. राष्ट्रीय आरोग्य लेख्यानुसार २०२१-२२ मध्ये देशातल्या एकूण आरोग्यखर्चापैकी ३९.४ टक्के लोकांनी थेट खिशातून केला. २०१३-१४ मध्ये हे प्रमाण ६४.२ टक्के होतं, म्हणजे सुधारणा मोठी आहे. पण आजींच्या गोळ्या अजून त्या उरलेल्या भागातच आहेत.

“हो, इन्शुरन्स चालतो” म्हणजे काय?

पुण्यात आता खास ज्येष्ठांसाठीची क्लिनिक दिसू लागली आहेत. स्मरणशक्तीची तपासणी, तोल जाण्याची तपासणी, घरी येऊन रक्त घेणं, वर्षाचं पॅकेज. मुलं बाहेरगावी किंवा परदेशात असलेल्या घरांना ही सोय हवीच असते. फोन केला की पहिला प्रश्न विम्याचा, आणि बऱ्याचदा उत्तर ‘हो’ असं येतं. हे ‘हो’ किमान तीन प्रकारचं असू शकतं.

पहिला प्रकार: आम्ही तुम्हाला नीट बिल देऊ, पुढे तुमचं तुम्ही कंपनीकडे मागा. म्हणजे पैसे आधी तुम्हीच भरायचे, आणि पॉलिसीत ओपीडी नसेल तर परत मिळणारच नाहीत. दुसरा: आमच्या डॉक्टरांचं ज्या हॉस्पिटलशी टाय-अप आहे, तिथे अॅडमिट झालात तर कॅशलेस मिळेल. क्लिनिकच्या फीशी याचा काही संबंध नाही. तिसरा: तुमच्या कंपनीच्या ओपीडी योजनेत आमचं नाव आहे, अॅपवरून अपॉइंटमेंट घ्या, फी तिकडून येईल. विचारणाऱ्याच्या मनात असतो तो हा तिसरा प्रकार, आणि व्यवहारात सगळ्यात कमी भेटतो तोही हाच.

मुलं अमेरिकेत असतील तर घोळ आणखी वाढतो. तिकडे ‘हे क्लिनिक तुमचा इन्शुरन्स घेतं का?’ हा रोजचा प्रश्न आहे, कारण तिथल्या ज्येष्ठांच्या मेडिकेअरमध्ये साध्या डॉक्टरभेटीही येतात. ठरावीक रक्कम आधी स्वतः भरली की पुढे साधारण ८० टक्के खर्च मेडिकेअर उचलते. त्यामुळे न्यू जर्सीतला मुलगा एरंडवण्यातल्या आईला फोनवर तोच प्रश्न विचारायला सांगतो. पुण्यात तो प्रश्न जसाच्या तसा चालत नाही. इथे आधी पॉलिसी उघडायची आणि मग क्लिनिकला फोन करायचा.

आधी पॉलिसी, मग फोन

पन्नास पानांची पॉलिसी वाचायची गरज नाही. प्रत्येक पॉलिसीसोबत ग्राहक माहितीपत्रक येतं. विमा नियामक इर्डाईनं १ जानेवारी २०२४ पासून त्याचा सोपा नमुना लागू केला आहे. ते मराठीत मागता येतं, आणि मागावंच. त्यात ओपीडी, को-पे, उपमर्यादा आणि प्रतीक्षा कालावधी हे चार मुद्दे शोधा.

को-पे म्हणजे मंजूर बिलातला जो हिस्सा तुम्ही भरायचा तो. ज्येष्ठांच्या पॉलिसीत हा १० किंवा २० टक्के असणं नवीन नाही. उपमर्यादेचं उदाहरण म्हणून ‘आरोग्य संजीवनी’ ही सगळ्या कंपन्यांकडे सारखीच मिळणारी पॉलिसी घ्या. तिच्यात मोतीबिंदूसाठी एका डोळ्याला विमा रकमेच्या २५ टक्के किंवा ४० हजार रुपये, यातली कमी असेल ती रक्कम मिळते. पाच लाखांचा विमा आहे म्हणून महागडी लेन्स निवडली, तर वरचे पैसे घरून जातात.

ओपीडी कव्हर असेल तर त्याची जातही पाहा. काहींमध्ये वर्षाला ठरावीक रक्कम असते, काहींमध्ये ठरावीक डॉक्टरभेटी, आणि त्याही अनेकदा कंपनीच्या अॅपवरच्या डॉक्टरांकडे किंवा व्हिडिओ कॉलवरच. पंचवीस वर्षं ज्या डॉक्टरांकडे जाताय ते त्या यादीत नसतील तर कव्हरचा उपयोग काय? शिवाय साधं गणित करा: ओपीडीसाठी ज्यादा प्रीमियम सहा हजार आणि वर्षाची मर्यादा सात हजार असेल, तर तो विमा कमी आणि आगाऊ भरलेली फी जास्त. अशा कव्हरच्या नादाला न लागता ते पैसे बाजूला ठेवलेले बरे, असं आमचं मत आहे.

आता फोन. क्लिनिकला ‘इन्शुरन्स चालतो का’ असं विचारू नका. कंपनीचं आणि पॉलिसीचं पूर्ण नाव सांगून विचारा, “माझ्या या पॉलिसीत डॉक्टरांची फी थेट कंपनीकडून घेता का, की मी भरून नंतर मागायची?” उत्तर काहीही आलं तरी दुसरा फोन कंपनीला किंवा तिच्या टीपीएला करा. टीपीए म्हणजे कंपनीच्या वतीनं क्लेमचं काम पाहणारी मधली संस्था. अशा मोठ्या संस्थांपैकी एमडीइंडिया तर पुण्याचीच. तिचा नंबर तुमच्या हेल्थ कार्डवर छापलेला असतो. क्लिनिकचं नाव आणि पत्ता दोन्ही सांगा, कारण एकाच नावाच्या दोन शाखांपैकी एकच यादीत असू शकते. शक्य असेल तर उत्तर ईमेलवर मागा.

हे दरवेळी का करायचं? कारण यादी बदलत असते. ऑगस्ट २०२५ मध्ये खासगी रुग्णालयांच्या एएचपीआय या संघटनेनं उत्तर भारतातल्या आपल्या सदस्यांना १ सप्टेंबरपासून बजाज अलियान्झच्या ग्राहकांची कॅशलेस सेवा थांबवायला सांगितलं. वाद दरांचा होता. चर्चेनंतर तो निर्णय मागे घेतला गेला. पण मधल्या दिवसांत ग्राहकांच्या पॉलिसीतलं एक अक्षरही बदललेलं नव्हतं. या कंपनीचं मुख्यालय आपल्या येरवड्यात आहे, आणि पुण्यात तिच्या पॉलिसी घेतलेली घरं पुष्कळ आहेत. गेल्या वर्षीची छापील यादी पाहून हॉस्पिटल गाठणं म्हणूनच धोक्याचं.

‘कुठेही कॅशलेस’ आलं ना?

आलं, जानेवारी २०२४ मध्ये. जनरल इन्शुरन्स कौन्सिलच्या या उपक्रमात यादीबाहेरच्या हॉस्पिटलमध्येही कॅशलेस मागता येतं. उपचार ठरलेला असेल तर ४८ तास आधी कळवायचं, तातडीची भरती असेल तर भरती झाल्यापासून ४८ तासांत. मे २०२४ च्या इर्डाईच्या परिपत्रकानुसार कॅशलेसच्या मागणीवर तासाभरात निर्णय आणि डिस्चार्जच्या वेळी तीन तासांत अंतिम मंजुरी द्यायची आहे. पण हे सगळं पुन्हा हॉस्पिटलसाठी. दोन खोल्यांच्या क्लिनिकचा त्यात समावेश नाही.

कुणाचं कार्ड क्लिनिकमध्ये खरोखर चालतं?

पुण्यात असा एक मोठा वर्ग आहे: केंद्र सरकारचे आणि लष्कराचे पेन्शनर. सीजीएचएसच्या वेलनेस सेंटरमध्ये आणि माजी सैनिकांच्या ईसीएचएस पॉलिक्लिनिकमध्ये डॉक्टर, साध्या तपासण्या आणि महिन्याची औषधं हीच मुख्य सेवा आहे. खडकी आणि कॅम्प परिसरातल्या अनेक घरांना हे नवीन नाही. या मंडळींनी वय वंदना घेताना मात्र थांबून विचार करावा, कारण नियमानुसार सीजीएचएस, ईसीएचएस किंवा वय वंदना यांपैकी एकच निवडावं लागतं. रोजच्या औषधांची सोय सोडून फक्त भरतीचं कव्हर घेणं, हा सौदा फारच थोड्यांना परवडेल. खासगी मेडिक्लेम असणाऱ्यांना ही अडचण नाही, त्यांना दोन्ही ठेवता येतात.

ज्यांच्याकडे यातलं काहीच नाही, त्यांच्यासाठी सरकारी पर्याय आहे. १५ ऑगस्ट २०२३ पासून राज्याच्या सार्वजनिक आरोग्य विभागाच्या रुग्णालयांत केसपेपरपासून उपचारांपर्यंत सगळं मोफत आहे. औंधचं जिल्हा रुग्णालय या विभागाचं. ससून वैद्यकीय शिक्षण विभागाचं, म्हणून तिथे हा निर्णय आपोआप लागू होत नाही. रुग्णाला हा फरक का कळावा, हा प्रश्न रास्त आहे, पण सध्या तो कळून घ्यावा लागतो.

वय वंदना वापरायचं असेल तर १४५५५ या क्रमांकावर, आणि राज्याच्या महात्मा फुले जन आरोग्य योजनेसाठी १५५३८८ वर विचारता येतं. विचारताना हॉस्पिटलसोबत उपचाराचं नावही सांगा. अनेक हॉस्पिटल ठरावीक विभागांपुरतीच योजनेत असतात. डायलिसिस योजनेत असलं म्हणजे गुडघ्याचं ऑपरेशनही असेलच असं नाही.

क्लिनिकची चिठ्ठी फेकू नका

क्लिनिकचा खर्च मेडिक्लेममधून मिळण्याची एक वाट आहे आणि ती बहुतेकांच्या लक्षात राहत नाही. भरतीच्या आधीचा आणि नंतरचा, त्याच आजारावरचा खर्च पॉलिसीत धरला जातो. आरोग्य संजीवनीत आधीचे ३० आणि नंतरचे ६० दिवस, काही पॉलिसींत त्याहून जास्त. समजा, क्लिनिकमध्ये छातीत दुखतंय म्हणून ईसीजी काढला, पुढे टूडी एको झाला आणि दोन आठवड्यांनी अँजिओप्लास्टी. तर क्लिनिकची फी, तपासण्या आणि औषधं यांचा क्लेम करता येतो. त्यासाठी तारखेसह प्रिस्क्रिप्शन, रुग्णाच्या नावाचं पक्कं बिल आणि रिपोर्ट लागतात. क्लिनिकच्या वार्षिक पॅकेजची फी मात्र यात सहसा बसत नाही. म्हणून पॅकेज घेतलं असलं तरी प्रत्येक तपासणीचं वेगळं बिल मागून घ्या.

ज्या ज्येष्ठांचा आरोग्य विमाच नाही, त्यांना जुन्या करप्रणालीत वर्षाला ५० हजार रुपयांपर्यंतच्या वैद्यकीय खर्चावर वजावट मिळते. कलम ८०डी म्हणून आपण जी ओळखतो ती हीच. अट अशी की पैसे रोख दिलेले नसावेत. ‘यूपीआय नाही, कॅश द्या’ म्हणणाऱ्या क्लिनिकमध्ये ही वजावटही जाते.

क्लेम नाकारला तर आधी कंपनीच्या तक्रार विभागाकडे लेखी तक्रार करा. इर्डाईचा ‘बिमा भरोसा’ क्रमांक १५५२५५ आहे. महिन्याभरात उत्तर आलं नाही किंवा पटलं नाही, तर विमा लोकपाल. त्यांचं पुण्याचं कार्यालय नारायण पेठेत, न. चिं. केळकर रस्त्यावर जीवन दर्शन इमारतीत आहे. ५० लाख रुपयांपर्यंतच्या तक्रारी तिथे चालतात, फी नाही, वकीलही लागत नाही. कंपनीचं अंतिम उत्तर आल्यापासून एका वर्षाच्या आत अर्ज करायचा. अर्जाला जोडायला कंपनीचा तो जुना ईमेल आणि क्लिनिकची बिलं लागतील.