पुनर्बांधणीचा माहितीपट आणि समेटाची घाई

युद्धोत्तर पुनर्बांधणीवरील माहितीपटांचा एक साचा रूढ झाला आहे : आरंभी भग्न घरे, मध्ये विटा रचणारे हात, अखेरीस शाळेकडे निघालेली मुले. घरे उभी राहिली म्हणजे समाजही उभा राहिला, हे त्यामागील गृहीतक होय. रुआंडाच्या बाबतीत ते टिकत नाही.

१९९० पासून यादवी युद्धात सापडलेल्या या देशात १९९४ च्या एप्रिल ते जुलै या काळात सुमारे ८ लाख माणसे मारली गेली. त्यांतील बहुसंख्य तुत्सी होती आणि मारणारे पुष्कळदा शेजारीच होते. पुढे तुरुंगांत १ लाखाहून अधिक आरोपी साठले, तेव्हा शासनाने ‘गचाचा’ ही पारंपरिक न्यायसभा नव्या रूपात गावोगावी उभी केली. ती २०१२ पर्यंत चालली. फ्रेंच-अमेरिकी दिग्दर्शिका अ‍ॅन आगियाँ यांनी गाफुंबा या टेकडीवरील वस्तीत जवळजवळ दशकभर चित्रीकरण केले. त्यातून तासाभराचे तीन माहितीपट आणि ‘माय नेबर, माय किलर’ (२००९) हा चित्रपट सिद्ध झाला.

या चित्रपटांचे मोल त्यांच्या विषयाइतकेच त्यांनी दिलेल्या काळात आहे. न्यायसभेला निकाल हवा असतो, शासनाला समेट हवा असतो. कॅमेरा मात्र थांबू शकतो. म्हणूनच गुन्ह्याची कबुली देऊन सुटलेला माणूस वस्तीत परततो, तेव्हा आप्त गमावलेल्या स्त्रियांचा संताप, अविश्वास आणि मौन येथे पुसले जात नाही. दुसरीकडे जाता येत नाही म्हणून एकत्र राहणे आणि मनापासून क्षमा करणे, यांतील अंतर प्रेक्षकाला जाणवत राहते.

परक्या कॅमेऱ्यापुढे दुःख वारंवार सांगायला लावणे हेही एक अतिक्रमणच नव्हे काय, असा आक्षेप येथे संभवतो व तो रास्त आहे. परंतु एका भेटीत साक्ष उचलून नेणारा निर्माता सांगणाऱ्याचे ओझे हलके करीत नाही. पुन्हा येऊन ऐकण्याची स्वतःची जबाबदारी तेवढी टाळतो.

साहित्याच्या अभ्यासकांनी हा प्रश्न केवळ चित्रपटांचा मानू नये. मराठीतील दलित आत्मकथनांचे वाचनही अनेकदा ‘दुःखाकडून उत्कर्षाकडे’ अशा सोयीच्या आलेखात बसविले जाते. साक्षीला असा शेवट जोडण्याचा अधिकार साक्षीदाराचा की वाचकाचा, याचा विचार वर्गात व्हावयास हवा.