बाटलीच्या काचेचा बाण



गेल्या सोमवारी मधल्या सुट्टीत चौथीतला एक मुलगा माझ्या टेबलाशी येऊन उभा राहिला. दोन्ही हात पाठीमागे. "काय रे, काय लपवलंस?" असे विचारताच त्याने तीरकामठा पुढे केला. बांबूच्या कामटीचे धनुष्य, सुतळीची दोरी आणि मोडक्या छत्रीच्या तारेचा बाण. तारेचे टोक दगडावर घासून घासून अगदी अणकुचीदार केलेले!

मी रागावणार तोच तो म्हणाला, "बाई, काल मी बोरीवरच्या होल्याला बाण मारला. लागला त्याला. पण तो तसाच उडून गेला. बाई, तो मेला असेल का?"

तीरकामठा मी ठेवून घेतला. उत्तर मात्र देता आले नाही. रात्री विचार करताना मला एका माणसाची गोष्ट आठवली. दुसऱ्या दिवशी ती वर्गात सांगितली, आज तुम्हाला सांगते.

ही गोष्ट अमेरिकेतल्या कॅलिफोर्नियाची. ऑगस्ट १९११ मध्ये ओरोविल गावाजवळच्या एका कत्तलखान्यापाशी लोकांना एक माणूस सापडला. उपाशी, थकलेला. त्याची भाषा कुणालाच कळेना. तो याही नावाच्या आदिवासी जमातीचा होता. १८४९ च्या सुमारास सोने शोधायला माणसांचे लोंढे कॅलिफोर्नियात आले. त्यांनी आदिवासींच्या जमिनी घेतल्या, कितीतरी जणांना ठार मारले. वाचलेले याही डोंगरात लपून राहिले आणि एकेक करत संपले. शेवटी हा एकटा उरला. आपले नाव त्याने कधीच सांगितले नाही. आपल्याच तोंडाने आपले नाव सांगण्याची त्यांच्यात रीत नव्हती. मग लोक त्याला 'इशी' म्हणू लागले. त्याच्या भाषेत इशी म्हणजे माणूस!

इशीला सॅन फ्रान्सिस्कोच्या विद्यापीठ संग्रहालयात ठेवण्यात आले. रविवारी तिथे लोक त्याला पाहायला येत आणि तो त्यांच्यासमोर बाणाची पाती बनवून दाखवी. कशाची पाती, ओळखा पाहू? ज्वालामुखीतून येणाऱ्या ऑब्सिडियन नावाच्या काळ्या काचेची, आणि चक्क बाटलीच्या काचेची!

तो डाव्या तळहातावर चामड्याचा तुकडा ठेवी. त्यावर काचेची चीप धरी. मग हरणाच्या शिंगाच्या नाहीतर लोखंडाच्या टोकाने चिपेच्या कडेवर नेमका दाब देई. टक् करून बारीक कपची उडे. एकदा या बाजूने, एकदा त्या बाजूने. पाहता पाहता पिंपळपानासारखे टोकदार पाते तयार! कपची डोळ्यात गेलीच, तर इशी डोळा चोळत नसे. खालची पापणी बोटाने ओढून तो जमिनीकडे वाकायचा आणि स्वतःच्याच टाळूवर जोरात थाप मारायचा! (तुम्ही असले काही करायचे नाही बरं का. डोळ्यात काही गेले तर सरळ डॉक्टर गाठायचे. आणि काचेला तर हातही लावायचा नाही.)

संग्रहालयाशेजारीच विद्यापीठाची वैद्यकीय शाळा होती. तिथे शस्त्रक्रिया शिकवणारे डॉक्टर सॅक्स्टन पोप इशीचे मित्र झाले. इशीकडून ते धनुष्यबाण शिकले. एक दिवस त्यांना प्रश्न पडला, की इशीचे काचेचे पाते चांगले, की आपले पोलादाचे?

आता तुम्ही काय म्हणाल? "त्यात काय विचारायचं बाई, पोलादच!" माझ्या वर्गानेही एका सुरात हेच सांगितले. पण डॉक्टर पोप नुसते सांगून थांबले नाहीत. त्यांनी एक पेटी बनवली. तिच्या समोरासमोरच्या दोन बाजूंना हरणाचे कातडे लावले आणि आत जनावराचे यकृत भरले. जणू नकली जनावरच! मग त्या पेटीवर दोन्ही प्रकारचे बाण सोडले. धनुष्य तेच, अंतर तेच, पेटी तीच. बदलले ते फक्त पाते. खरी चाचणी अशीच असते. एका वेळी एकच गोष्ट बदलायची. दोन बदलल्या, तर फरक कशामुळे पडला ते कळणार कसे?

आणि निकाल? काचेचे पाते पोलादापेक्षा जास्त खोल गेले!

असे का बरे? उत्तर तुमच्या स्वयंपाकघरात आहे. धार गेलेल्या विळीवर टोमॅटो चिरताना पाहिलाय? तो चिरत नाही, चेंगरतो. धारदार विळीवर नुसता टेकवला की दोन फाका होतात. धार जितकी बारीक, तितका सगळा जोर कमी जागेवर पडतो. नुकत्याच तुटलेल्या काचेची धार पोलादाच्या पात्यापेक्षाही बारीक असते. पुढे काही डॉक्टरांनी ऑब्सिडियनची पाती शस्त्रक्रियेतही वापरून पाहिली.

पण थांबा, लगेच काचेला पहिला नंबर देऊ नका. काच ठिसूळ. हाडावर आपटली की तुटते. पोलाद वाकेल, बोथटेल, पण सहसा फुटणार नाही. म्हणजे 'सर्वांत चांगले पाते कोणते?' हा प्रश्नच अपुरा आहे. 'कशासाठी चांगले?' असे विचारले पाहिजे.

त्याचीही एक गंमत ऐका. पोप यांनी संग्रहालयातून दमास्कसला बनलेले पंधराव्या शतकातले एक साखळ्यांचे चिलखत आणले. वजन २५ पौंड, म्हणजे सुमारे ११ किलो. तिथला एक कर्मचारी म्हणाला, "मी अंगात घालतो, मारा बाण!" नशीब, पोप 'नको' म्हणाले. त्यांनी ते लाकडी खोक्यावर चढवले आणि सात यार्डांवरून सुईसारख्या निमुळत्या पोलादी टोकाचा बाण सोडला. ठिणग्या उडाल्या! बाण चिलखत भेदून खोक्यात घुसला. त्या कर्मचाऱ्याचा चेहरा पांढराफटक पडला, हे सांगायला नकोच. तेव्हा चिलखताला निमुळते टोक आणि शिकारीला रुंद, धारदार पाते.

रुंद कशासाठी? निमुळते टोक नुसते भोक पाडते. जखमी जनावर पळून जाते आणि कुठेतरी तळमळत राहते. रुंद पाते रक्तवाहिन्या कापते आणि बाण नेमका बसला तर जनावर लवकर मरते. म्हणून अमेरिकेत, जिथे परवाना घेऊन ठरावीक हंगामात बाणाने शिकार करता येते, तिथल्या काही राज्यांत पाते किमान ७/८ इंच रुंद हवे असा कायदा आहे. काही ठिकाणी उलट्या काट्यांच्या पात्यांना बंदी आहे.

चांगला शिकारी तिथे आधी पाते पारखतो. बाण टोकावर उभा करून भोवऱ्यासारखा फिरवतो. डगमगला, तर पाते वाकडे बसले आहे. मग सरावाच्या साध्या टोकाचा बाण आणि तेवढ्याच वजनाच्या पात्याचा बाण एकाच निशाणावर सोडतो. हवेत पाती छोट्या पंखांसारखी वागतात आणि बाणाला भलतीकडे ओढतात. दोन्ही बाण जवळजवळ लागले, तरच ते पाते विश्वासाचे. आणि निशाणावर मारून बोथटलेले पाते पुन्हा धार लावल्याशिवाय तो रानात नेत नाही.

आपल्या देशात मात्र १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने शिकारीला बंदी आहे. धनुर्विद्येचा खेळ आहेच की! ऑलिंपिकमध्ये ७० मीटरवरून १२२ सेंटीमीटरच्या निशाणावर बाण मारतात. तिथे कुणाचे रक्त सांडत नाही.

इशी १९१६ मध्ये क्षयाने वारला. त्याची पाती आजही आहेत, पण त्याची भाषा घरात बोलणारे कुणीही उरले नाही.

गोष्ट संपल्यावर तो मुलगा हळूच म्हणाला, "बाई, छत्रीची तार म्हणजे नुसतं भोक." मी म्हटले, "होय रे. तो होला मेला की जगला, मला माहीत नाही. पण त्याला दुखलं असेल, हे नक्की." तो काही बोलला नाही. शाळा सुटल्यावर तीरकामठा मागायला आला. मी दिला. त्याने बाण माझ्या टेबलावरच ठेवला आणि नुसते धनुष्य घेऊन घरी गेला.

आता तुमचा या आठवड्याचा उपक्रम. आईला किंवा बाबांना एकाच टोमॅटोचे दोन अर्धे करायला सांगा. एक अर्धा बोथट सुरीने, दुसरा धारदार सुरीने चिरायला सांगा. तुम्ही फक्त पाहायचे आणि वहीत लिहायचे. कुणाच्या फोडी चेंगरल्या? रस कुठे जास्त सांडला? आणि हो, चाचणीत काय काय सारखे ठेवले, तेही लिहा.

पालकांनो, मूल 'माझ्या हातून चूक झाली' असे सांगायला आले, तर रागावण्याआधी एकदा त्याचा प्रश्न पुरता ऐकून घ्या. मीही त्या दिवशी जेमतेमच ऐकला.

सुटलेला बाण परत येत नाही, मुलांनो. म्हणून जे काही पारखायचे, ते सोडण्याआधी.

तुमच्या,
बाई